ॲश नाय

१९९७ च्या नोव्हेंबरपासून पुढचे तीन महिने मस्कतमध्ये आमच्या रुवीच्या फ्लॅटमधल्या फ्रिजमध्ये, सुरमईच्या डब्याशेजारी, चार पिशव्या होत्या. पिशव्यांत ओली वाळू आणि वाळूत परदेशी झाडांच्या बिया. मेलनी तेव्हा आठ वर्षांची. पाण्याची बाटली काढताना तिचा हात पिशवीला लागला तरी मी ओरडायचे. बिया विषारी असतील, वाळूत जंतू असतील, आईला काय काय वाटू शकतं याला अंत नसतो.

बिया दयानंदभाऊंच्या होत्या. दयानंद कुडाळजवळच्या एका गावचे. शिवांगी, त्यांची एकुलती मुलगी, पोटात असताना १९८६ साली ते ओमानला आले आणि बरक्याच्या एका नर्सरीत माळी म्हणून लागले. नर्सरी नासर नावाच्या ओमानी मालकाची. त्याला सगळे अर्बाब, म्हणजे मालक, म्हणत. रुसैलला त्याचा पाइपांचा कारखाना होता आणि त्या कारखान्याचं स्टोअर माझे यजमान इग्नेशियस सांभाळायचे. कारखान्याच्या आवारातल्या कण्हेरी बघायला दयानंदभाऊ दर आठवड्याला यायचे, तिथे दोघांची ओळख झाली. मग ते सणावाराला घरी येऊ लागले. मी वसईची, ते मालवणी. बांगड्याच्या कालवणात तिरफळ घालावं की नाही यावर आमचे वाद व्हायचे, पण बांगडा हवाच याबद्दल एकमत होतं.

अर्बाबला ॲशची झाडं का हवी होती, हे सगळ्या नर्सरीला माहीत होतं. त्याच्या आईला उपचारासाठी परदेशी नेलं होतं. इस्पितळाच्या अंगणात एका झाडाखाली ती रोज संध्याकाळी बसायची. तिथल्या नर्सकडून अर्बाबने झाडाचं नाव विचारून घेतलं. ॲश. आई परत आली नाही. पुढे जबल अख्दरच्या डोंगरावर, जिथे थंडीत पाणी गोठतं, त्याने जमीन घेतली आणि फाटकापासून घरापर्यंतच्या वाटेवर दोन्ही बाजूंना वीस-वीस अशी चाळीस ॲशची झाडं हवीत असं ठरवलं. अमेरिकन कॅटलॉगमध्ये ज्या ज्या नावात ॲश होतं ते सगळं मागवलं. चार पाकिटं आली. एरिझोना ॲश, ग्रीन ॲश, माउंटन ॲश, प्रिकली ॲश.

दयानंदभाऊंना त्याने सांगितलं होतं, "चालीस झाड़ तैयार करो, तुम साथ में ऊपर जाएगा. उधर कमरा है, किचन है. बीवी को बुलाओ. पेपर मैं करेगा."

एवढंच. पण साध्या माळ्याला इथे बायको आणायची परवानगी मिळत नाही. दर दोन वर्षांनी दोन महिने गावी जायचं आणि परत यायचं, असं त्यांचं लग्न चाललं होतं. ते वाक्य त्यांनी मला इतक्या वेळा सांगितलं की अर्बाबचा आवाजसुद्धा त्यांना जमायला लागला होता. मैना, म्हणजे त्यांची बायको, वर येईल. शिवांगी अकरा वर्षांची आहे, मे महिन्याच्या सुट्टीत येईल, वर उन्हाळा नसतोच म्हणे.

पाकिटात इंग्रजी कागद होता. मी वनस्पतिशास्त्राची पदवीधर म्हणून तो वाचायला माझ्याकडे आला. बियांना ओल्या वाळूत तीन महिने थंडी द्यायची होती, नाहीतर त्या रुजत नाहीत. त्यांच्या कामगार कॅम्पमधला फ्रिज बारा जणांचा, दिवसभर उघडझाप. म्हणून माझा फ्रिज.

आता जे लिहायचं आहे ते लिहायला मी बरीच वर्षं टाळाटाळ केली.

आम्ही जेवणाच्या टेबलावर वर्तमानपत्र पसरून पाकिटं फोडली. पहिल्या दोन पाकिटांतल्या बिया होडीच्या वल्ह्यासारख्या, एकेका पंखाच्या. तिसऱ्यातल्या बारीक, तपकिरी. चौथ्या पाकिटातून काळ्याभोर, चकचकीत, मिरीएवढ्या बिया टेबलावर घरंगळल्या. दयानंदभाऊंनी एक उचलली, बोटांत फिरवली.

"वयनी, ही तिरफळाची बी."

"दयानंदभाऊ, पाकिटावर ॲश लिहिलंय."

"लिवलेला आसांदे. आमच्या परसात झाड हा. आमी साल वापरतो नि बी फेकतो. जन्मभर फेकत इलंय ती बी मी वळखूचंय नाय?"

"अहो, अमेरिकेत तिरफळ कोण लावणार? ते लोक बांगडे खातात का?"

इग्नेशियस मोठ्याने हसले. दयानंदभाऊही हसले. मी कागदावरचं नाव दाखवून समजावलं, प्रिकली म्हणजे काटेरी. ही काटेरी ॲश. ॲशचीच एक जात. त्यांनी ती बी पुन्हा एकदा नाकाशी नेली, बियांना काही वास नव्हता, आणि मग ती इतरांत टाकली.

"तुमी शिकलेल्या. तुमी म्हणतास तर ॲश."

मी त्या दिवसापर्यंत ॲशचं झाड पाहिलेलं नव्हतं. आमच्या कॉलेजात ते फक्त एका ओळीत होतं. पण मी ठामपणे बोलले. कडुलिंब म्हटलं म्हणून कुणी त्याचं सरबत करत नाही, हे मला मराठीत कळत होतं. इंग्रजी नाव समोर आल्यावर कळलं नाही.

फेब्रुवारीत बिया बरक्याला गेल्या. दयानंदभाऊंनी पत्र्याचे चार तुकडे कापून त्यांवर पांढऱ्या रंगाने देवनागरीत चार नावं लिहिली. माउंटन ॲशची नऊ रोपं आली आणि मे महिन्यात चार दिवसांत सगळी करपली. बाकीच्यांना त्यांनी हिरव्या जाळीखाली जपलं. दुपारी जमीन तापली की पाणी मुळाशी उकळतं, म्हणून पहाटे साडेतीनला पाणी घालायचे. कुंड्यांभोवती खजुराच्या झावळ्यांचा थर. दोन उन्हाळे असे गेले. एरिझोना सतरा जगली, ग्रीन सात, काटेरी अठरा. बेचाळीस झाली. चाळिसाच्या वर दोन.

त्यांनी मैनाला फोन करून सांगितलं. महिन्यातून एकदा, शुक्रवारी, रुवीतल्या टेलिफोनच्या दुकानातून ते फोन करत आणि मग आमच्याकडे जेवायला येत. त्या शुक्रवारी त्यांनी भात दोनदा घेतला.

"काय म्हणाली मैना?" मी विचारलं.

"म्हणता, थय बांगडे गावतत काय ता आदी सांग."

२००० सालच्या जानेवारीत मेलनीला शाळेत पानांची वही करायची होती. पानांची मांडणी, दोन प्रकार. समोरासमोर आणि एकाआड एक. मुलीचे मार्क हा माझा कायमचा घोर. रुवीत पानं कुठून मिळणार? आम्ही शुक्रवारी सकाळी बरक्याला गेलो. मी वसईहून माझी जुनी कॉलेजची वही आणली होती, तीही सोबत घेतली. त्यात निळ्या शाईत माझ्याच अक्षरात ॲशची ती एक ओळ होती: जाईच्या कुळातलं झाड, संयुक्त पानं, नेहमी समोरासमोर.

झाडं आता कुंड्यांतून ड्रमांत हलवली होती. दयानंदभाऊ त्या ड्रमांच्या रांगांतून मेलनीला फिरवत होते. मी सावलीला बसले होते. ती मध्येच थांबली.

"मम्मी, हे सगळे ॲश आहेत ना?"

"हो."

"मग हे का असं? पलीकडची रो अपोझिट आहे. धिस वन इज ऑल्टरनेट."

मी उठून गेले. एरिझोनाच्या फांदीवर एक पान डावीकडे, बरोबर त्याच्या समोर दुसरं उजवीकडे, दोन हात पसरल्यासारखी. ग्रीनचं तसंच. आणि अठरा ड्रमांच्या शेवटच्या रांगेत एक पान खाली, दुसरं वर, पुन्हा एक खाली. देठाशी काटे. मी तीन झाडं बघितली, मग दहा, मग सगळी. कुठे तरी दोन पानं समोरासमोर भेटतील म्हणून मी शोधत होते.

दयानंदभाऊंना मी काही सांगितलं नाही. त्यांनी माझ्या हातातली उघडी वही बघितली, ती इंग्रजीत, त्यांना वाचता येत नव्हती. मग त्यांनी शेवटच्या रांगेतलं एक पान तोडलं, चुरगळलं आणि माझ्या नाकाशी धरलं. लिंबाच्या सालीसारखा, जिभेला मुंग्या आणणारा वास. तंतोतंत तिरफळाचा नव्हे. पण त्या घरातलाच, चुलत भावाच्या आवाजासारखा.

"माका गेल्या पावसाळ्यातच समाजला हुता," ते म्हणाले. पावसाळा गावचा. इथे तेव्हा ऊन आग ओकत होतं.

"मग बोलला का नाहीत?"

"तुमी ॲश म्हटलास."

मी बोटांवर हिशेब केला. बेचाळिसातली अठरा गेली, उरली चोवीस. अर्बाबला चाळीस हवी होती, एकही कमी नाही. नव्या बिया म्हणजे पुन्हा तीन-चार वर्षं. मी विचार केला तो सगळा भीतीचा. इग्नेशियसची नोकरी त्याच अर्बाबकडे. बिया मी पास केल्या. आणि हा माणूस चौदा वर्षं बायकोपासून लांब.

"काही सांगू नका," मी हळू आवाजात म्हटलं. "त्याला काय कळतंय? पाकिटावर ॲश लिहिलंय, पाकिटं जपून ठेवा. झाडं वर जाऊ देत. मैनाला येऊ दे. पुढचं पुढे बघू."

त्यांनी मान हलवली. होय की नाही, ते कळलं नाही.

परत येताना गाडीत मेलनीने वही मांडीवर उघडली. मग म्हणाली, "मम्मी, तू अंकलला लाय सांगायला सांगितलं?"

"मोठ्यांचं तुला कळत नाही."

"मग मी वहीत काय लिहू? त्या पानाचं नाव काय?"

इग्नेशियसनी आरशातून माझ्याकडे बघितलं आणि पुन्हा रस्त्याकडे. तिने वहीत नाव लिहिलंच नाही. जागा मोकळी ठेवली, त्याचा एक मार्क गेला.

अर्बाब फेब्रुवारीत झाडं बघायला गेला. इग्नेशियस हिशेबाच्या फायली घेऊन सोबत होते, म्हणून पुढचं मला घरी कळलं. अर्बाब खूश होता, चालता चालता मोजत होता. शेवटच्या रांगेपाशी आला तेव्हा दयानंदभाऊ मध्ये उभे राहिले.

"अर्बाब, ये अठरा ॲश नहीं."

"क्या बोलता? पाकिट में लिखा था."

"पाकिट को नाक नहीं, अर्बाब."

त्यांनी दोन पानं चुरगळून त्याच्या दोन्ही तळहातांवर ठेवली. एक ॲशचं, एक त्या दुसऱ्याचं. अर्बाबने दोन्ही हुंगली. मग खोडावरच्या काट्याला बोट लावून बघितलं.

"माँ के झाड़ को काँटा नहीं था," तो म्हणाला. रागावला नाही. इग्नेशियस म्हणाले, रागावला असता तर बरं झालं असतं. तो नुसता थकल्यासारखा उभा राहिला. "ये किसने बोला था ॲश है?"

"मैंने," दयानंदभाऊ म्हणाले.

माझं नाव त्यांनी घेतलं नाही. त्या वेळीही नाही, नंतरही नाही.

"खलास. दूसरा लगाओ. चालीस होगा, तब ऊपर. इन्शाल्ला."

तेवढंच. नोकरी राहिली, वचनही राहिलं. पण पुढे सरकलं. पुढच्या शुक्रवारी दयानंदभाऊ टेलिफोनच्या दुकानातून थेट कॅम्पवर गेले, आमच्याकडे आले नाहीत. पुढच्या महिन्यात आले तेव्हा मी त्यांच्यासमोर ताट ठेवून म्हटलं, "मी सांगितलेलं ऐकलं असतं तर..."

"काटो ऐकता काय वयनी?" ते म्हणाले. "आज नाय तर उद्या टोचतलोच. तेव्हा मैना वर असती नि मी विमानतळाच्या गाडीत."

 मी पहिल्यांदा चुकीचं बोलले तेव्हा त्यांनी माझं ऐकलं, दुसऱ्यांदा बोलले तेव्हा ऐकलं नाही, एवढाच त्यांचा सूड म्हणायचा.

पुन्हा पाकिटं आली, या वेळी दोनच नावांची. पुन्हा माझा फ्रिज. मी पिशव्यांवर तारीख लिहिली आणि रोज बघत राहिले, जणू माझ्या बघण्याने बियांना थंडी जास्त लागणार होती. जुनी चोवीस झाडं ड्रमात अडकून पडली. मुळं आतल्या आत गोल फिरायला लागली, म्हणून दयानंदभाऊ दर हिवाळ्यात एकेक झाड उपसून मुळं छाटत आणि पुन्हा लावत. त्यांची कंबर तिथेच धरली. अठरा काटेरी झाडं अर्बाबने उपटायला सांगितली होती. सोळा उपटली. दोन कुंपणाकडे राहिली, आणि त्यांच्यापाशी पत्र्याच्या तुकड्यावर दयानंदभाऊंनी लिहिलं होतं, "ॲश नाय". पुन्हा कुणी फसू नये म्हणून, असं ते म्हणाले.

चार वर्षं. त्यात शिवांगी चौदाची झाली, सोळाची झाली. फोनवर आधी ती वर्गातलं सांगायची, मग फक्त "बरां आसय" म्हणून फोन आईकडे द्यायची. २००४ मध्ये बारावी झाली आणि नर्सिंगला कोल्हापूरच्या हॉस्टेलात गेली. मे महिन्याच्या सुट्टीत ती डोंगरावर येईल हे बोलणं आपोआपच बंद पडलं. माझ्या मेलनीलाही पुढच्या वर्षी दहावीनंतर वसईला पाठवायचं होतं. त्यामुळे शिवांगीचं काही ऐकलं की मी स्वयंपाकघरात जाऊन उगाच डबे पुसत बसायचे.

२००४ च्या नोव्हेंबरमध्ये चाळीस झाडं वर गेली. डिसेंबरमध्ये मैनाचा व्हिसा आला.

सीबच्या विमानतळावर तिला घ्यायला आम्ही सगळे गेलो. नऊवारी नाही, साधी पाचवारी, वरून पुरुषी स्वेटर. तो दयानंदभाऊंचाच असावा, गावी ठेवलेला. दोघं एकमेकांसमोर उभे राहिले. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच ही भेट त्यांच्या घराच्या अंगणात नव्हती, त्यामुळे काय करायचं ते दोघांनाही सुचेना.

"सुकलंस," ती म्हणाली.

"तू नाय सुकलंस," ते म्हणाले.

"माका काय धाड भरलीहा?"

वर जायला परवाना लागायचा आणि साधी गाडी चालायची नाही. नर्सरीचा ड्रायव्हर अलीमियाँ मोठी गाडी घेऊन आला. चेकपोस्टवर शिपायाने मैनाचे कागद उलटसुलट करून बघितले तेव्हा मीच खिडकीतून मान बाहेर काढून बघत राहिले. ती मात्र पिशवीतून खोबऱ्याच्या वड्या काढून अलीमियाँला देत होती. रस्ता कच्चा, वळणावळणाचा. मी डोळे मिटून मेलनीचा हात धरून बसले.

वर पोचलो तेव्हा संध्याकाळ होत आली होती आणि बोचरी थंडी होती. फाटकातून वाट दिसत होती, आणि वाटेच्या दोन्ही बाजूंना चाळीस काड्या. एकाही झाडावर पान नव्हतं. बरक्याच्या उबेत टिकणारी ॲशची पानं खऱ्या थंडीत गळतात, हे मला माहीत होतं, दयानंदभाऊंना माहीत होतं. मैनाला सात वर्षं फोनवर फक्त सावली सांगितलेली होती.

ती फाटकातच थांबली.

"हीच ती झाडां?"

"होय."

"ह्या वाळक्या खुटांसाठी सात वर्षां?"

अलीमियाँ मागे वळून हसू दाबत होता. दयानंदभाऊ तिला पहिल्या झाडापाशी घेऊन गेले. फांदी वाकवून दाखवली. "हय बघ. हे डोळे. एक हय, तेच्या समोर दुसरो. चैतात दोनव पानां एकदम येतली. समोरासमोर असली तर ॲश. नाय तर नाय."

"आणि नाय ता कसा असता?"

"आपल्या तिरफळासारख्या. एक हय, एक थय."

मैनाने फांदी हातात धरली. 

"मगे आपण तिरफळच," ती म्हणाली. "अठरा वर्षां. एक हय, एक थय."

दयानंदभाऊ फांदी सोडायला विसरले. मी मेलनीला घेऊन गाडीकडे वळले, तिला थंडी लागेल म्हणून.

त्यांचा संसार त्या खोलीत साडेचार महिने झाला. इतका सलग त्यांनी लग्नानंतर कधीच केला नव्हता. आम्ही एकदा, मार्चअखेरीस, परत वर गेलो. फांद्यांवर कोवळी पानं आली होती, जोडीजोडीने. मैना फाटकापाशी तांदूळ निवडत होती. मला बघून म्हणाली, "वयनी, ह्यांका सांगा तरी. घोरतत असे की झाडां परत गळतली." दयानंदभाऊ आतून ओरडले, "तू झोपतंस खंय ऐकूक?" सावली मात्र अजून हातभरच होती. तिच्यात एक मांजर मावलं असतं.

एप्रिलमध्ये शिवांगीला हॉस्टेलात कावीळ झाली. मैना दोन दिवसांत निघाली. अर्बाबने तिचं तिकीट काढून दिलं आणि सांगितलं, मुलगी बरी झाली की परत ये, खोली तुझीच आहे. तो खरंच चांगला माणूस होता. दयानंदभाऊ तिला विमानतळावर सोडून आमच्याकडे आले. ताट वाढलं तर नको म्हणाले. खुर्चीत टेकले आणि तसेच बसून राहिले.

"परत येईल हो ती," मी म्हटलं.

"येयत. मगे चेडवाचा लगीन येयत, मगे बाळंतपण. ती जायत, ती येयत." त्यांनी कमरेवर हात ठेवला. "माझी कंबर गेली वयनी. आता मीच जातंय."

"आणि झाडं? सात वर्षं केलीत ती?"

"अलीमियाँक शिकवलंय. समोरासमोर बघ नि पाणी घाल. तेका कळता."

मेच्या अखेरीस ते गावी गेले. जाण्याआधी कुंपणाकडच्या त्या दोन झाडांपैकी लहान झाड ड्रमासकट आमच्या गच्चीवर आणून ठेवलं, पत्र्याच्या पाटीसकट. म्हणाले, बांगड्यात दोन पानं टाकून बघा, जमलं तर जमलं. नाही जमलं. पानांची चव कडवट, साबणासारखी लागली. इग्नेशियसनी ताट बाजूला सारलं.

जूनमध्ये मी मेलनीला वसईला सोडून आले.

दयानंदभाऊंचा फोन कधीमधी येतो. शिवांगी बरी आहे, नोकरीला लागली. मागच्या आठवड्यात आला तेव्हा मैना माहेरी गेली होती, दोन दिवसांसाठी.

"मीठ खंय ठेवल्यान ता गावना नाय," ते म्हणाले. "अठरा वर्षां बिनतक्रार रवलंय वयनी. आता दोन दिस रवाक होना नाय."

मी म्हटलं, चुलीच्या उजवीकडे बघा, बायका तिथेच ठेवतात. त्यांनी फोन बाजूला ठेवला, मला डबे वाजल्याचं ऐकू आलं. बऱ्याच वेळाने परत आले.

"उजवीकडे नाय. डावीकडे हुता."

तेही मी ठामपणेच सांगितलं होतं.